डॉक्युमेंटरीवाल्याची उधारी

मुंबईच्या झोपडपट्ट्यांवरच्या 'हमारा शहर' या १९८५ सालच्या डॉक्युमेंटरीत एक बाई कॅमेरावाल्यांवरच उखडते. तिच्या बोलण्याचा मतलब असा, की तुम्ही येता, गरिबांचे फोटो काढता, नाव कमावता. आमच्या पदरात काय पडतं? शूटिंगला गेलेल्या बहुतेकांना हे कधी ना कधी ऐकावं लागतं. आणि बहुतेक वेळा एडिटिंगच्या टेबलावर तो तुकडा गुपचूप गायब होतो. दिग्दर्शक आनंद पटवर्धन यांनी तो ठेवला.

हा प्रसंग आठवायचं कारण म्हणजे शेजारची एक मुलगी. मास मीडियाला आहे. मध्यंतरी विचारत होती, "काका, डॉक्युमेंटरीत करिअर होतं का हो?" मी म्हटलं, होतं, पण पैसे मिळत नाहीत. बोलून गेलो आणि मग वाटलं, हे अर्धवट झालं. पैसे न मिळणारी कामं पुष्कळ आहेत, या कामाची अडचण वेगळी आहे. ती समजून घ्यायला पटवर्धनांसारखं दुसरं उदाहरण नाही, कारण पन्नास वर्षं हा माणूस त्याच शहरात राहून तेच काम करतोय आणि त्याच्या फिल्ममधली माणसं त्याला पुन्हा पुन्हा भेटत राहिली आहेत.

आधी शब्दाचा घोळ निस्तरू. मराठीत आपण 'माहितीपट' म्हणतो, कुणी जुन्या वळणाचे 'अनुबोधपट' म्हणतात. दोन्हींत असं गृहीत आहे की कुणीतरी शहाणा माणूस आपल्याला माहिती किंवा बोध देणार. याला कारण फिल्म्स डिव्हिजन. १९४८ साली सरकारने ही संस्था काढली आणि तिच्या फिल्म मुख्य सिनेमाआधी दाखवणं थिएटरवाल्यांना बंधनकारक होतं. धरणाचे दरवाजे उघडतायत, गव्हाची कणसं डोलतायत, मागे एक धीरगंभीर आवाज. लोक तोवर बाहेर चहा-सिगरेट उरकून घ्यायचे. तिथेही चांगलं काम करणारे दिग्दर्शक होते, पण एकूण साचा असा की बोलणार तो निवेदक. ज्याच्यावर फिल्म आहे तो माणूस मुकाट्याने नांगर धरून उभा. तो कॅमेऱ्याकडे बघून शिव्या घालेल, ही शक्यताच नाही.

पटवर्धनांच्या कामाची सुरुवात याच्या बरोबर उलट टोकाला झाली. जन्म १९५०चा, मुंबईचा. मुंबई विद्यापीठातून इंग्रजी साहित्य, मग अमेरिकेत ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र. फिल्म स्कूल नाही. १९७४ साली ते बिहारमध्ये जयप्रकाश नारायण यांच्या आंदोलनात होते आणि तिथे हातात सुपर एट कॅमेरा आला. हा तेव्हाचा घरगुती कॅमेरा, लग्ना-मुंजीत वापरायचा. त्याच्या एका काडतुसात फिल्म किती, तर साधारण तीन मिनिटांची. मोठ्या पडद्यावर दाखवायला ती उपयोगाची नाही. मग जुगाड केला: सुपर एटवरचं चित्र प्रोजेक्टरने पडद्यावर पाडायचं आणि समोर १६ मिलिमीटरचा कॅमेरा लावून ते पुन्हा शूट करायचं. चित्र खरबरीत होतं, पण दिसतं. फिल्म तयार होतेय तोवर १९७५च्या जूनमध्ये आणीबाणी आली. प्रिंट जवळ बाळगणंही धोक्याचं. तिचे तुकडे करून वेगवेगळ्या माणसांबरोबर देशाबाहेर पाठवले गेले आणि पटवर्धन शिकायला म्हणून कॅनडात पोहोचल्यावर तिथे ते पुन्हा जोडले. 'क्रांती की तरंगें' ती हीच.

फिल्मच्या रिळाबद्दल जरा थांबून सांगतो, कारण मोबाइलवर वाढलेल्यांना याचा अंदाज येत नाही. १६ मिलिमीटरचं ४०० फुटी रीळ कॅमेऱ्यात चढवलं की अकरा मिनिटं मिळतात. संपलं की काळ्या पिशवीत दोन्ही हात घालून, न बघता, नवीन चढवायचं. रीळ महाग, धुणं महाग, प्रिंट महाग. म्हणजे बटण दाबलं की मीटर पडला. अशा वेळी समोरची बाई रडायला लागली तर? दाबायचं की नाही? आणि ती रडायची थांबली, डोळे पुसून पोराला हाक मारायला लागली, तर बंद करायचं की चालू ठेवायचं? खरी फिल्म बहुधा त्या हाकेत असते, आणि तोवर रीळ संपलेलं असतं. आता कार्डावर तासन् तास मावतात, त्यामुळे अडचण उलटी झालीय: दोनशे तासांचं फुटेज घेऊन लोक एडिटरसमोर बसतात आणि नेमकं काय शोधायचंय ते दोघांनाही ठाऊक नसतं.

आता परत कॅमेरावाल्यांवर उखडलेल्या त्या बाईकडे. 'हमारा शहर'चा काळ म्हणजे मुंबईत झोपड्या पाडण्याची मोहीम जोरात असण्याचा काळ. १९८१ साली फुटपाथवरच्या लोकांना शहराबाहेर काढायचा निर्णय झाला, ओल्गा टेलिस या पत्रकार आणि इतर काही जण कोर्टात गेले. १९८५ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्कातच येतो. मात्र रीतसर नोटीस देऊन हटवायला मुभाही ठेवली. ही त्या निकालाची गंमत, दोन्ही बाजू आजही तोच निकाल दाखवतात. फिल्मला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आणि त्याच सुमारास, १९८६ साली, नरीमन पॉइंटजवळची संजय गांधी नगर ही वस्ती पाडली गेली. पटवर्धन तिथल्या लोकांबरोबर उपोषणाला बसले, शबाना आझमीही होत्या. राष्ट्रपतींच्या हस्ते पुरस्कार घ्यायला दिग्दर्शकाऐवजी दिल्लीला गेली ती त्या वस्तीतली एक बाई. पुढे वस्तीला गोरेगावजवळ दिंडोशीला पर्यायी जागा मिळाली.

कुणी म्हणेल, हा तर कार्यकर्ता झाला, फिल्ममेकर कुठला? असंच म्हणतात लोक. मला फिल्ममध्ये उखडलेल्या त्या बाईच्या प्रश्नाशी याचा थेट संबंध दिसतो. फिल्म पूर्ण झाली म्हणजे तिचं उत्तर दिलं असं होत नाही, एवढं त्यांना कळलं होतं.

सेन्सॉरचं प्रकरण बाहेरच्यांना नेहमी गोंधळात टाकतं, म्हणून सोपं करून सांगतो. १९५२च्या कायद्याप्रमाणे चार लोकांत जाहीरपणे दाखवायची कुठलीही फिल्म असो, तीन तासांची की दहा मिनिटांची, तिला सर्टिफिकेट लागतं. वर्तमानपत्राला छापण्याआधी कुणाची परवानगी लागत नाही, डॉक्युमेंटरीला लागते. हा फरक का, हा प्रश्न ख्वाजा अहमद अब्बास यांनी सर्वोच्च न्यायालयात नेला होता, तोही चार शहरांवरच्या एका छोट्या डॉक्युमेंटरीसाठी. १९७०चा निकाल असा, की सिनेमाचा मनावर परिणाम इतर कलांपेक्षा जास्त खोल होतो, सबब आधी तपासणी चालेल. त्या एका वाक्याच्या पायावर आजची सगळी इमारत उभी आहे.

प्रत्यक्षात होतं असं. आधी एक समिती फिल्म बघते आणि कट सुचवते. पटलं नाही की फेरतपासणी समिती. तिथेही जमलं नाही तर पूर्वी अपिलासाठी न्यायाधिकरण होतं. ते २०२१ साली बंद झालं, आता सरळ हायकोर्ट. 'जंग और अमन' ही पोखरणच्या १९९८च्या चाचण्यांनंतरची पटवर्धनांची फिल्म. तिला २१ कट सांगितले गेले. हा माणूस एकही द्यायला तयार नाही. २००३ला मुंबई हायकोर्टाने ती एकाही कटाविना मोकळी केली.

सर्टिफिकेट मिळालं म्हणजे संपलं का? दूरदर्शन हा दुसरा दरवाजा. 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' ही १९९५ची फिल्म धर्माच्या नावावरची हिंसा आणि मर्दानगीची कल्पना यांचा धागा जोडते. त्यात मुंबईच्या रस्त्यावर ताकदीचं औषध विकणारे आहेत, त्यांच्याभोवती गोळा झालेले बापे आहेत, आणि बघता बघता आपल्या लक्षात येतं की औषधवाला आणि व्यासपीठावरचा वक्ता एकच माल विकतायत. दूरदर्शनने ती दाखवायला नकार दिला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि २००६ला दाखवण्याचा आदेश झाला. अकरा वर्षं. तेवढ्यात एखाद्याची दहावी-बारावी-लग्न-मुंज उरकून जातं. जिंकले, हे खरं. पण ही अकरा वर्षं वकिलाच्या कचेरीत गेलेला वेळ कुठल्याच पुरस्काराच्या यादीत दिसत नाही.

कोर्टाशिवायही फिल्म अडवता येते, आणि ते जास्त सोपं असतं. मी स्वतः एका कॉलेजात अशाच एका स्क्रीनिंगला गेलो होतो. फाटकावर कळलं, रद्द. कारण? हॉलचं वायरिंग बिघडलंय. त्याच हॉलमधून ऑर्केस्ट्राच्या तालमीचा आवाज येत होता. पोरांनी मग समोरच्या एका घरात, भिंतीवरचं कॅलेंडर काढून, तिथेच फिल्म पाडली. कॅलेंडरचा खिळा नेमका प्रत्येकाच्या नाकावर यायचा. २००४ला मुंबईतल्या सरकारी डॉक्युमेंटरी महोत्सवाने भारतीय फिल्मना सर्टिफिकेटची अट घातली, मग ओरड झाल्यावर अट मागे घेतली, पण बऱ्याच बोचऱ्या फिल्म निवडीतच गळाल्या. तेव्हा फिल्मवाल्यांनी प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात 'विकल्प' नावाने आपलाच महोत्सव भरवला. त्या कॉलेजच्या पोरांनी केलं तेच, जरा मोठ्या भिंतीवर.

पटवर्धनांवरचा नेहमीचा आक्षेप: फिल्म एकतर्फी असतात. आक्षेप टाकाऊ नाही. कुणाची किती मिनिटं ठेवायची आणि कुठल्या चेहऱ्यानंतर कुठला चेहरा आणायचा, हे ठरवणारा माणूस तटस्थ नसतोच, आणि पटवर्धन तसा आवही आणत नाहीत. त्यांच्या विरोधातली मंडळीही त्यांच्या फिल्ममध्ये मोकळेपणाने बोलतात, हे मात्र बघण्यासारखं असतं. आवाज न चढवता साधा प्रश्न विचारायचा आणि मग गप्प बसायचं, ही त्यांची पद्धत. गप्प बसलं की समोरचा माणूस ती पोकळी भरायला बोलत सुटतो. काही वेळा मला ते जरा बेरकी वाटतं. पण बोललेलं वाक्य त्या माणसाचंच असतं, हेही तितकंच खरं.

या कामातला सगळ्यात अवघड शब्द म्हणजे होकार. बातमीवाला बाइट घेतो आणि जातो. डॉक्युमेंटरीला माणूस महिनोन् महिने हवा असतो, आणि त्याने एकदा 'काढा शूटिंग' म्हटलं म्हणजे झालं असं नसतं. त्याला पडद्यावर स्वतःला बघून काय वाटेल? गावात फिल्म दाखवल्यावर त्याच्याशी लोक कसे वागतील? पाच वर्षांनी त्याचं आयुष्य बदललं, मत बदललं, लग्न झालं, मग? 'राम के नाम' या १९९२च्या फिल्ममध्ये अयोध्येतले पुजारी लालदास आहेत, कोर्टाने नेमलेले. ते शांतपणे, जवळजवळ घरगुती सुरात या वादाच्या राजकारणाबद्दल बोलतात. १९९३ साली त्यांचा खून झाला. ते एरवीही उघड बोलत होते, त्यामुळे फिल्म आणि खून यांच्यात कुणी सरळ रेघ ओढू नये. तरी पुढच्या प्रत्येक स्क्रीनिंगला तो चेहरा पडद्यावर येतो आणि दिग्दर्शक मागच्या भिंतीशी उभा राहून बघतो. इंडोनेशियातल्या १९६५च्या कत्तलींवरच्या 'द अ‍ॅक्ट ऑफ किलिंग' या फिल्मच्या श्रेयनामावलीत कितीतरी स्थानिक सहकाऱ्यांच्या नावाच्या जागी नुसतं 'अनामिक' लिहिलंय. काम त्यांनीच केलं होतं, घरही तिथेच होतं.

आणि मग विलास घोगरे.

'हमारा शहर'मध्ये एक शाहीर गातो, 'एक कथा सुनो रे लोगो'. तेच हे विलास घोगरे. मुलुंडच्या वस्तीत राहणारे, दलित, डाव्या चळवळीत गाणारे. आवाज असा की गाणं ऐकताना आपण पडद्यावरचं बघायचं विसरतो. ११ जुलै १९९७ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात सकाळी बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला. लोक रस्त्यावर उतरले, राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं मेली. त्यानंतर काही दिवसांतच विलास घोगरे यांनी घरात गळफास घेतला. जाताना डोक्याला निळं फडकं बांधलं होतं.

आता विचार करा, तुम्ही डॉक्युमेंटरीवाले आहात. या माणसाचा आवाज बारा वर्षांपूर्वी तुमच्या फिल्ममध्ये वापरलाय. त्या फिल्मला पुरस्कार मिळालाय, देशोदेशी ती दाखवली गेलीय. गाणारा मात्र त्याच वस्तीत होता आणि आता नाहीये. जो माणूस आयुष्यभर लाल झेंड्याखाली गायला त्याने मरताना निळं का बांधलं, हा प्रश्न तुमच्यापुढे आहे. काय कराल?

पटवर्धनांनी कॅमेरा घेतला आणि चौदा वर्षं खाली ठेवला नाही. रमाबाई नगरातल्या घरांत गेले, खटल्याच्या तारखांना गेले, जयंत्यांना गेले, दलित पँथरचे नेते भाई संगारेंच्या सभांना गेले, चळवळीची गाणी गाणाऱ्या पुण्याच्या कबीर कला मंचाच्या पोरांबरोबर फिरले. मधल्या काळात मुलं मोठी झाली, काही माणसं गेली, जे पुढारी एकमेकांना पाण्यात पाहत होते ते एका व्यासपीठावर आले. हे सगळं फिल्ममध्ये चढत जातं, म्हणून 'जय भीम कॉम्रेड' तीन तासांहून जास्त लांब आहे. लांब आहे असं वाटत नाही, कारण निम्मी फिल्म गाण्यांची आहे. आपण मराठी माणसं जलसा आणि शाहिरी हे सांस्कृतिक कार्यक्रमाच्या खात्यात टाकून मोकळे होतो. तिथे बायका अंगणात बसून आंबेडकरांवरची ओवी म्हणतात तेव्हा कळतं, इतिहास कुठे ठेवलेला असतो ते.

जानेवारी २०१२मध्ये ती मुंबईत पहिल्यांदा दाखवली ती भायखळ्याच्या बीआयटी चाळीत, उघड्यावर. ज्यांची गोष्ट त्यांनी आधी बघायची, हा क्रम. या एका गोष्टीसाठी मी त्यांचे बाकीचे हट्ट माफ करतो. आणि हिशोब इथेही मिटला नाही. फिल्ममध्ये गाणाऱ्या शीतल साठे आणि कबीर कला मंचाचे इतर काही जण माओवादी असल्याच्या आरोपावरून भूमिगत झाले होते. २०१३च्या एप्रिलमध्ये शीतल साठे आणि सचिन माळी विधान भवनाबाहेर गाणी म्हणत पोलिसांच्या हवाली झाले. त्या तेव्हा गरोदर होत्या, जूनमध्ये जामीन मिळाला. त्यांच्या बचावासाठी जी समिती झाली तीत पटवर्धन होते, फिल्मला मिळालेल्या राज्य पुरस्काराचे पैसेही तिथेच गेले.

दाभोलकर, पानसरे, कलबुर्गी आणि गौरी लंकेश यांच्या हत्यांनंतरची 'विवेक' २०१८ला आली. अ‍ॅमस्टरडॅमच्या महोत्सवात तिला सर्वोत्तम डॉक्युमेंटरीचा पुरस्कार मिळाला, केरळच्या महोत्सवात दाखवायला मात्र पुन्हा हायकोर्टाची पायरी चढावी लागली. तो रस्ता आता आपल्या ओळखीचा आहे.

मला जास्त रस आहे तो त्यानंतरच्या, २०२३च्या 'वसुधैव कुटुंबकम्'मध्ये. यात पटवर्धनांचे आई-वडील आहेत. आई निर्मला मातीकाम करणाऱ्या कलावंत, मूळच्या सिंधच्या. वडिलांच्या बाजूला अहमदनगरचे रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन, स्वातंत्र्यलढ्यातले. पण हे फिल्म म्हणून सुरूच झालं नव्हतं. आई-बाबा म्हातारे होतायत, म्हणून घरात कॅमेरा चालू ठेवलेला, आपण सगळे ठेवतो तसा. फुटेज पडून राहिलं. ते दोघं गेल्यावर कितीतरी वर्षांनी त्याची फिल्म झाली. आयुष्यभर दुसऱ्यांच्या घरात कॅमेरा नेला त्याच्या घरात शेवटी तो शिरला, आणि इथे होकार विचारायचा कुणाला? आईला 'ही फिल्म जगभर दाखवू का?' असं विचारायची वेळच निघून गेलेली.

परवा त्या मुलीला हे सगळं सांगत बसलो. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, तिचंही प्रोजेक्ट आहे, भांडुपच्या नाक्यावर सकाळी कामासाठी उभ्या राहणाऱ्या मजुरांवर. एक बाई छान बोलतात म्हणे, पोराला घेऊन येतात. दोन दिवसांचं शूटिंग ठरलंय.

"आणि तिसऱ्या दिवशी?" मी विचारलं.

"तिसऱ्या दिवशी सबमिशन आहे, काका."